तेलाची कुपी लांब ठेवा

श्रोतेहो, नमस्कार.

सोलापुरात कुठलीही वस्तू करकरली की पहिला हात तेलाच्या कुपीकडे जातो. त्यात नवल काही नाही. मागाच्या आवाजात वाढलेलं हे गाव आहे, आणि माग कोरडा चालला तर काय होतं हे इथल्या शाळकरी पोरालाही ठाऊक असतं. दार वाजलं, सोडा तेल. शिलाई मशीन जड झालं, सोडा तेल. मग घरातल्या मुलांच्या फूसबॉल टेबलाची दांडी अडकायला लागली, की आजोबा तीच कुपी घेऊन उठतात आणि शेजारचे काका वरून म्हणतात, "अजून जरा सोडा की ओ, घट्ट आहे ती!" आजचं माझं बोलणं बरंचसं या कुपीबद्दलच आहे.

ज्यांनी हा खेळ पाहिला नसेल त्यांच्यासाठी थोडं सांगतो. एक उथळ खोका असतो, त्याचा तळ हिरव्या मैदानासारखा रंगवलेला. खोक्यातून आडव्या दांड्या आरपार गेलेल्या असतात आणि त्यांना प्लास्टिकचे गडी लावलेले असतात. दांडी पुढे-मागे सरकवायची, मनगटानं फिरवायची आणि छोटा चेंडू समोरच्याच्या गोलमध्ये मारायचा. मोठ्या टेबलाला आठ दांड्या असतात, म्हणजे प्रत्येक बाजूला चार. बहुतेक टेबलांवर गोलकीपर एक, बचावाला दोन, मधल्या फळीत पाच आणि पुढे तीन असे अकरा गडी भरतात. मुलांच्या टेबलाला सहा दांड्या असतात, कधी चारच.

इंग्लंडमध्ये हॅरल्ड थॉर्नटन यांनी 1921 साली अशा टेबलाच्या पेटंटसाठी अर्ज केला आणि 1923 मध्ये ते मिळालं. स्पेनमधली हकीकत वेगळी आहे. तिथल्या यादवी युद्धात आलेहांद्रो फिनिस्तेरे नावाचा तरुण बॉम्बहल्ल्यात जखमी झाला. त्याच्यासोबत उपचार घेणाऱ्या मुलांना आता मैदानावर फुटबॉल खेळता येणार नव्हता. त्यांच्यासाठी त्यानं एका सुताराकडून असं टेबल करून घेतलं, असं तो पुढे सांगत असे. आपल्याकडे मुलांना घरात बसवायला लढाई लागत नाही, मे महिना पुरतो. पारा 40 च्या वर गेला की दुपारभर पोरं घरातच, आणि टेबलाची खरी झीज होते ती याच सुट्टीत.

आता दांडी का अडकते ते बघू. बहुतेक टेबलांत ती पोलादाची पोकळ नळी असते. खोक्याच्या दोन्ही बाजूंना भोकं असतात, त्यांत प्लास्टिकचे बुश बसवलेले असतात आणि नळी त्या बुशांतून सरकते. नळी आणि बुश यांच्यामध्ये जागा अगदी थोडी असते. त्या जागेत शिरते आपली धूळ, आणि ज्यांच्या घराला लागून माग चालतात त्यांच्याकडे धुळीच्या जोडीला सुताचे बारीक तंतूही येतात. नुसती कोरडी धूळ असेल तर ती फडक्यानं निघते. तीत तेल पडलं की काळा लगदा होतो. हा लगदा प्रत्येक फटक्याबरोबर बुशला आतून घासत राहतो. तेल घातल्यावर दोन दिवस दांडी छान पळते, म्हणून सगळ्यांना वाटतं इलाज झाला. पंधरवड्यानं ती आधीपेक्षा जड होते, मग पुन्हा तेल. शेवटी बुश झिजून सैल होतो आणि दांडी भोकात खडखडायला लागते.

घरातल्या तेलांची तर आणखी वेगळी तऱ्हा. खोबरेल 24 अंशांच्या आसपास थिजतं. गड्ड्याच्या यात्रेच्या दिवसांत, जानेवारीच्या सकाळी, बाटलीतलं खोबरेल उन्हात ठेवावं लागतं ना? बुशमध्ये तेच होतं, आणि पोरं म्हणतात दांडी जाम झाली. करडईचं तेल त्याहून वाईट. आपल्या जिल्ह्यात पिकणारी करडई जेवणात उत्तमच, पण तिचं तेल हवेत हळूहळू वाळून चिकट पापुद्रा धरतं. याच गुणासाठी ते रंग-वॉर्निशात वापरलं जातं. शिलाई मशीनचं तेल पातळ असतं, वाळत नाही, हे खरं. पण ते खनिज तेल आहे, आणि दांडीवर गड्यांच्या दोन्ही बाजूंना धक्का झेलणारी जी रबरी कडी असतात, त्यांतली साध्या रबराची कडी अशा तेलानं फुगतात आणि मऊ पडतात. वर थेंब मैदानावर पडले की चेंडू तिथे घसरतो.

मग करायचं काय? आधी पुसायचं. त्यासाठी सोलापूरसारखं गाव नाही. टॉवेलाचे तुकडे, कडांच्या पट्ट्या इथे कुणाकडेही मिळतात, आणि फाशांचं टॉवेलचं कापड नळीवरची घाण जशी उचलतं तशी बनियनची चिंधी उचलत नाही. दांडी एका बाजूला पूर्ण ओढा, उघडी पडलेली नळी कोरड्या तुकड्यानं पुसा, मग दुसऱ्या बाजूला ओढून तेच करा. काळा डाग फडक्यावर यायचा थांबेपर्यंत चालू ठेवा. आधीच तेल घातलेलं असेल तर भांड्याच्या साबणाच्या पाण्यात फडकं बुडवून घट्ट पिळा, त्यानं पुसा आणि लगेच कोरडं करा. बुशच्या आतली घाण काढायला कानातली कापसाची काडी चालते. अर्ध्याहून जास्त टेबलं एवढ्यावरच सुधारतात, माझं स्पष्ट मत आहे.

त्यानंतर काही घालायचंच असेल तर सिलिकॉन. मोठ्या हार्डवेअरच्या दुकानात सिलिकॉन स्प्रे मिळतो. व्यायामाच्या ट्रेडमिलच्या पट्ट्याखाली घालतात ते तेलही सिलिकॉनचंच असतं. जिमवाला ओळखीचा असेल तर त्याच्याकडून चहाच्या चमच्याएवढं आणलं तरी तुमचं वर्ष निघेल. पण तेही टेबलावर फवारू नका. फडक्यावर दोन थेंब घ्या, नळीवरून हात फिरवा, दांडी पाच-सात वेळा आत-बाहेर करा आणि जास्तीचं पुसून टाका. नळीला बोट लावलं तर ओलं लागता कामा नये. मुठीला आणि मैदानाला तर ते अजिबात लागू द्यायचं नाही.

पुसूनही दांडी एका ठरावीक जागीच अडत असेल तर ती वाकलेली आहे. पोरं टेबलावर चढतात, दांडीला लोंबकळतात, त्याचा हा परिणाम. खात्री करायला दांडी बाहेर काढावी लागेल. त्याआधी मोबाइलवर फोटो काढा. कुठल्या रंगाचा गडी कुठे, त्याचं तोंड कुणीकडे आणि कडी कुठल्या क्रमानं आहेत, हे जोडताना हमखास विसरतं. मूठ रबराची असेल आणि निघत नसेल तर तिच्या कडेतून साबणाचं पाणी सोडून पिळत पिळत ओढा. गडी आणि कडी उतरवली की नुसती नळी स्वयंपाकघराच्या ओट्यावर ठेवून लाटण्यासारखी फिरवा. जिथे खालून उजेड दिसतो तिथे बाक आहे. हातोडा घेऊ नका. पोकळ नळीला पोचा पडला की तो बुशमधून कधीच जाणार नाही. दोन लाकडी ठोकळ्यांवर नळी ठेवा, बाक वर असू द्या आणि तळव्यानं थोडं थोडं दाबत या. पुन्हा फिरवून बघा.

बुश झिजला असेल तर तो बदलायचा. तयार मिळाला तर उत्तम. नाहीच मिळाला तर जुना बुश आणि दांडी दोन्ही घेऊन लेथवाल्याकडे जा, नायलॉनच्या कांबीतून नवा काढून देण्यात त्याला अवघड काही नाही. दांडी नेलीच पाहिजे, कारण टेबलागणिक तिची जाडी वेगळी असते आणि घरच्या पट्टीवर मोजलेलं माप तिथे चालत नाही.

आता गडी. गडी दांडीवर सैल फिरतो, ही दुसरी मोठी तक्रार. मूठ वळवली की दांडी वळते आणि गडी आपला तिथेच उभा! त्याच्या पोटातून एक बारीक स्क्रू गेलेला असतो. तो ढिला असेल तर आवळा, पण हातानंच, आणि घट्ट लागला की थांबा. जोर केला की प्लास्टिकमधले आटे जातात. आटे गेलेच असतील तर तो स्क्रू सोडून द्या. त्याच जाडीचा लांब बोल्ट आरपार घाला आणि पलीकडून आतमध्ये नायलॉन असलेला लॉक नट लावा. साधा नट दणक्यांनी सुटून येतो.

गड्याचा पाय तुटला तर फेविक्विकनं चिकटवून फार उपयोग होत नाही. फटका नेमका त्याच सांध्यावर बसतो, आणि काही प्लास्टिकं अशा गोंदाला धरतच नाहीत. मधल्या फळीच्या कडेचा एक गडी काढून मोडलेल्याच्या जागी लावणं जास्त बरं. फक्त समोरच्या संघाचाही एक काढा. नाहीतर जे भांडण होईल ते कुठल्याच पान्यानं सुटणार नाही.

खोक्याकडे येऊ. मुलांची बहुतेक टेबलं एमडीएफची असतात, म्हणजे लाकडाचा भुसा दाबून केलेली फळी. पायाचे स्क्रू तिच्यातून सुटतात, कारण टेबल उचलून हलवण्याऐवजी आपण ते ओढतो. सुटलेल्या भोकात जाड स्क्रू घुसवला तर फळी उलते. भोक भरून घ्यायचं. त्यासाठी काडेपेटीच्या काड्या वापरतात, पण हल्ली पुष्कळ काड्या मेणाच्या असतात, त्या चालणार नाहीत. उदबत्ती जळून गेल्यावर जी बांबूची काडी उरते ती घ्या, तिच्यावरची राख आणि मसाला खरवडा. फेविकॉलमध्ये बुडवून अशा काड्या भोकात ठासून बसतील तेवढ्या घाला, वरचं टोक सपाट कापा आणि पूर्ण एक दिवस हात लावू नका. या 'हात लावू नका'साठी रविवार निवडू नका, मुलांची शाळा असेल असा दिवस घ्या. वाळल्यावर मध्यभागी बारीक भोक पाडून जुनाच स्क्रू फिरवा, तो पुन्हा घट्ट धरतो.

एमडीएफचा शत्रू पाणी. फरशी पुसताना टेबलाच्या पायाशी ओलं राहिलं, किंवा मैदान चकचकीत करायला कुणी ओलं फडकं मारलं, की फळी फुगते. फुगलेली फळी परत बसत नाही. मैदान कोरड्या फडक्यानंच पुसा. टेबल गच्चीवर किंवा पावसाची झड येते अशा गॅलरीत ठेवू नका. उन्हात ठेवलं तर गड्यांचं प्लास्टिक काही महिन्यांत ठिसूळ होतं आणि पाय मोडतात ते असे.

चेंडू आपोआप एकाच कोपऱ्यात जाऊन बसत असेल तर टेबलाला दोष देण्याआधी फरशी बघा. जुन्या घरांतली शहाबादी फरशी क्वचितच सपाट असते. पायाखाली पुठ्ठ्याची घडी घातली की काम होतं. चेंडू दर वेळी मध्येच थांबत असेल तर मात्र मैदानाला मध्ये झोळ आला आहे. टेबल उलटं करून तळाला आडवी लाकडी रीप फेविकॉलनं चिकटवा, वर वजन ठेवून वाळू द्या.

चेंडू हरवतातच. त्याजागी टेबल टेनिसचा चेंडू घेऊ नका. तो 40 मिलिमीटरचा, म्हणजे छोट्या टेबलाच्या गड्यांपुढे मोठा, आणि वजन जेमतेम पावणेतीन ग्रॅम, त्यामुळे उडून कपाटाखाली जातो. गोटी तर नकोच, तिनं गड्यांचे पाय आणि गोलची कड दोन्ही फुटतात.

दोन गोष्टी घरात छोटं मूल असेल त्यांच्यासाठी. दांडीचं दुसरं टोक समोरच्या बाजूनं बाहेर येतं, आणि तीन-चार वर्षांच्या मुलाचा चेहरा नेमका त्या उंचीवर असतो. टोकाची प्लास्टिकची टोपी पडली असेल तर नवी बसेपर्यंत खेळ बंद. खुर्चीच्या पायाला लावायचं रबरी बूट योग्य मापाचं मिळालं तर तेच टोपी म्हणून बसवा. आणि हे चेंडू तीन वर्षांखालच्या मुलाच्या घशात अडकू शकतात, तेव्हा खेळ संपला की मोजून डब्यात.

दांडी गरागरा फिरवायची सवय मात्र मोडा. स्पर्धांच्या नियमांतही चेंडू मारण्याआधी किंवा नंतर दांडी पूर्ण वेढ्यापेक्षा जास्त फिरवायला बंदी आहे, हे मुलांना सांगा. आई-बाबांनी सांगितलेलं ऐकणार नाहीत, पण आंतरराष्ट्रीय नियम म्हटलं की ऐकतात. त्यानं बुश वाचतात, गड्यांचे स्क्रू वाचतात आणि दुपारची झोपही थोडी वाचते. मूठ घामानं घसरत असेल तर बॅडमिंटनच्या रॅकेटची ग्रिप तिच्यावर गुंडाळून द्या, एका ग्रिपमध्ये दोन मुठी सहज होतात.

नमस्कार.