दार वाजवून येणारी भीती

श्रोतेहो, नमस्कार. आज एका जुन्या ब्रिटिश टीव्ही नाटकाविषयी बोलू. नाव ‘रॉबिन रेडब्रेस्ट’, लेखक जॉन बोवेन, बीबीसीच्या ‘प्ले फॉर टुडे’ मालिकेतलं.

गोष्ट थोडक्यात अशी. नोरा ही लंडनची बाई, टीव्हीसाठी पटकथा तपासणारी. जुनं नातं तुटतं आणि ती खेड्यातल्या घरात एकटी राहायला येते. मग गाव तिच्या घरात शिरू लागतं. कुणी कुलूप तोडत नाही बरं का! कुलूप कुणीच तोडत नाही. फिशर नावाचे गृहस्थ येतात ते बागेत जुन्या खापऱ्या शोधू का, असं अदबीनं विचारत. पुढे नोराची गाडी बंद पडते, फोन लागत नाही, तरी सगळे गोडच बोलतात. नाहीतर हल्लीच्या मालिका! कुणी नुसतं वळून पाहिलं तरी ढणढण संगीत, तेही तीनदा.

पण मला खरी सांगायचीय ती पहिल्या प्रक्षेपणाची गंमत. तारीख 10 डिसेंबर 1970, गुरुवार. त्याच आठवड्यात ब्रिटनमधल्या वीज कामगारांनी पगारवाढीसाठी नियमावर बोट ठेवून काम सुरू केलं होतं. संप नव्हे, पण जादा काम बंद. वीज पुरेना, म्हणून आळीपाळीनं एकेका भागाचा पुरवठा तोडत होते. आता कल्पना करा. पडद्यावर एकटी बाई, आडबाजूचं घर, बाहेर कुणाची तरी चाहूल, आणि फट्! टीव्ही बंद, दिवा बंद, गल्लीच काळोखात. पुढे काय झालं, सांगणार कोण? तेव्हा घरी व्हिडिओ नव्हता. हुकलं ते हुकलं. असं कितीतरी घरांत झालं. शेवटी बीबीसीनं हेच नाटक पुन्हा दाखवलं. 25 फेब्रुवारी 1971, पुन्हा गुरुवारच. म्हणजे अर्ध्यावर अंधारात बसलेल्यांनी नोराचं काय झालं हे कळायला अकरा आठवडे वाट पाहिली. अकरा आठवडे! आणि आपण पुढचा भाग दहा सेकंदांत सुरू झाला नाही तर चिडतो.

नाटक चित्रित झालं होतं रंगीत. ती टेप पुसली गेली. उरली ती कृष्णधवल फिल्म. ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटनं 2013 साली डीव्हीडी काढली तीही कृष्णधवलच. माझं विचाराल तर रंग गेले ते बरंच झालं. हिरवंगार गाव पाहून निम्मी भीती पळाली असती.