'शास्त्रात असंच आहे'? कुठल्या शास्त्रात?

नमस्कार मंडळी. मला दहा मिनिटं दिलीयेत, त्यात धर्मशास्त्राचा, म्हणजे आचार आणि कायद्यावरच्या जुन्या संस्कृत ग्रंथांचा, इतिहास लिहिणारे पां. वा. काणे बसवायचे म्हणजे चेष्टाच आहे, पण बघू.

काणे म्हटलं की आपल्याला १९६३ चं भारतरत्न आठवतं आणि तिथेच थांबतो. माणूस मुळात मुंबई हायकोर्टातला वकील. नीलकंठाचा 'व्यवहारमयूख' हा कायद्यावरचा जुना संस्कृत ग्रंथ संपादित करायला घेतला, म्हटलं प्रस्तावनेत धर्मशास्त्राचा छोटासा इतिहास घालू, आणि ती प्रस्तावना इतकी वाढली की १९३० ते १९६२ मधे पाच खंड झाले, सहा हजारावर पानं. तेही पोटात अल्सर घेऊन, वकिली सांभाळून.

आणि मयूखच का? कारण तो कोर्टात चालायचा. समजा माणूस गेला, मागे बायको नाही, पोरं नाहीत, मुलीची पोरंही नाहीत, मग इस्टेट आधी आईला की वडिलांना? मिताक्षरा, म्हणजे याज्ञवल्क्यस्मृतीवरची टीका, म्हणते आईला, मयूख म्हणतो वडिलांना. तेव्हा गुजरात, मुंबई बेट, उत्तर कोकण इथे मयूख वरचढ असायचा, बाकी महाराष्ट्रात मिताक्षरा. म्हणजे गाव बदललं की वारस बदलला, आणि दोन्हीकडे धर्मशास्त्रच!

मला काणे आवडतात ते याच्यासाठी. एक वचन दिलं की त्याच्या विरुद्धचंही देतात, लपवत नाहीत. बौधायन हा जुना धर्मसूत्रकार सांगतो की दक्षिणेकडचे लोक मामेबहिणीशी लग्न करतात, उत्तरेकडचे समुद्रावर जातात, ज्याचा आचार त्याच्या प्रदेशात चालेल. गौतम या दुसऱ्या धर्मसूत्रकाराला हे पटत नाही. झालं, वाद तेव्हापासून सुरूच आहे.

आता आपल्या कामाची गोष्ट. तिसऱ्या खंडात (१९४६) कलिवर्ज्यांचं प्रकरण आहे, म्हणजे पूर्वी चालायच्या पण कलियुगात बंद अशा गोष्टींची यादी. नियोग, म्हणजे मूल नसलेल्या बाईने दीर वगैरेंपासून मूल होऊ देणं, त्यात आहे, वानप्रस्थ आहे, आणि समुद्रावरून जाऊन आलेल्या द्विजाला प्रायश्चित्त घेतल्यावरही जवळ करू नये हेसुद्धा आहे. या हॉलमधल्या किती जणांची सोय लागली बघा. स्वतः काणे प्राच्यविद्येच्या परिषदांना पॅरिसला, इस्तंबूलला जाऊन आले. आणि याच यादीवरून ते म्हणतात की आमच्याकडे काही बदलतच नाही हा समज खोटा आहे, शास्त्रकारांनीच जुने नियम मोडीत काढलेत.

हे नुसतं पुस्तकी नाही हां. राज्यघटनेचं २५ वं कलम धर्मस्वातंत्र्य देतं, पण सार्वजनिक सुव्यवस्था, नीती, आरोग्य यांच्या अधीन राहून. १९५४ च्या उडुपीकडच्या शिरूर मठाच्या खटल्यापासून कोर्टं ठरवत आलीयेत की एखाद्या धर्माचा आवश्यक भाग कुठला आणि कुठला नाही. ते ठरवायला न्यायाधीशांना पोथ्यांत शिरावं लागतं, आणि पोथ्या म्हणजे हे असं, आई म्हणणारी एक, वडील म्हणणारी दुसरी. माझ्या मते कोर्टाने या भानगडीत जरा कमीच पडावं, पण ते असो, जेवताना भांडू.

तिसरा खंड आणलाय, मागच्या टेबलावर आहे, कलिवर्ज्यांच्या पानात कागद घातलाय. इंग्रजीत आहे आणि जड आहे, दोन्ही हातांनी उचला.