तडजोडीची पावती

(पहाट. रस्त्याकडेला थांबवलेला डंपर.)

फाळक्याच्या फटीतून अजून पाणी ठिबकते आहे, म्हणजे ही वाळू नदीपात्रातून निघून फार वेळ झालेला नाही. चालकाकडे वाहतुकीचा परवाना नाही. महसूल पथकातील कर्मचारी टेप लावून हौद्याची लांबी, रुंदी आणि वाळूची उंची मोजत आहेत. तिन्हींचा फुटांतील गुणाकार 100ने भागला की ब्रास निघतात, आणि पुढचा सगळा हिशेब याच आकड्यावर उभा राहतो. पंचनामा जीपच्या बॉनेटवर लिहिला जातो.

(तहसील कार्यालयाचे आवार. जप्त वाहनांची रांग. चाकांभोवती गवत.)

येथून दोन वाटा फुटतात, जरी बोलताना दोन्हींना ‘दंड भरून गाडी सोडवली’ असेच म्हटले जाते. पहिली वाट महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, 1966 च्या कलम 48ची. तिच्यानुसार अवैध गौण खनिजाच्या (वाळू त्यातच मोडते) बाजारमूल्याच्या पाच पटींपर्यंत दंड आकारता येतो. जप्त केलेले वाहन 48 तासांच्या आत जिल्हाधिकारी किंवा त्यांनी प्राधिकृत केलेल्या उपजिल्हाधिकाऱ्यांसमोर हजर करायचे असते. विहित दंड भरला, आणि हे वाहन पुन्हा अशा कामी वापरणार नाही असा जातमुचलका मालकाने लिहून दिला, की ते सोडता येते.

दुसरी वाट खाणी आणि खनिजे (विकास व विनियमन) अधिनियम, 1957 ची, आणि खरी तडजोड, म्हणजे रक्कम भरून अपराधाचे प्रकरण मिटवणे, तीच. नियमबाह्य खनिज वाहतुकीला या कायद्यात पाच वर्षांपर्यंत कारावास आणि हेक्टरी पाच लाख रुपयांपर्यंत दंड आहे. हौद्यातल्या वाळूला हेक्टर कोणते लावायचे, हे मात्र वाचणाऱ्याने समजून घ्यावे. न्यायालय या अपराधाची दखल प्राधिकृत अधिकाऱ्याच्या लेखी तक्रारीवरूनच घेऊ शकते, आणि कलम 23अ प्रमाणे तोच अधिकारी, खटला दाखल होण्यापूर्वी किंवा नंतरही, शासनाच्या खात्यात जमा होणारी रक्कम स्वीकारून प्रकरण मिटवू शकतो. रक्कम किती, हे तोच ठरवतो; ज्या अपराधाला केवळ दंडाचीच शिक्षा आहे तेथे ती कमाल दंडाहून अधिक असू नये, एवढी मर्यादा कायद्याने घातली आहे. रक्कम भरली की त्या अपराधाबद्दल पुढील कार्यवाही थांबते, आणि आरोपी कोठडीत असेल तर त्याला तात्काळ सोडावे लागते. तक्रार करायची की मिटवायची, हे दोन्ही अधिकार एकाच हाती आहेत, याकडे आम्ही मुद्दाम लक्ष वेधतो.

(पावतीचा जवळून घेतलेला फोटो.)

ही पावती सर्व दारे बंद करते, असा समज मालकांमध्ये होता. मध्य प्रदेशात उज्जैन येथे दंडाधिकाऱ्यांनी, वाहनमालकांनी तडजोडीची रक्कम भरून वाहने सोडवल्यानंतरही, वृत्तपत्रातील बातमीची दखल घेऊन गुन्हा नोंदवण्याचा आदेश दिला. मालक सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले. 3 डिसेंबर 2020 रोजी निकाल लागला: तडजोडीने खनिज कायद्याखालील कार्यवाही संपते, परंतु दंडसंहितेखालील चोरीचा अपराध वेगळा असून त्याची कार्यवाही चालू राहू शकते. चोरीचे ते कलम आता भारतीय न्याय संहितेत 303 या क्रमांकाने आहे. भरलेल्या पावतीमागे पोलीस ठाण्याचा दरवाजा उघडाच राहतो, हे चालकाला बहुधा कोणी सांगत नाही.

(नदीपात्र. खड्डे. उघडे पडलेले विहिरीचे कडे.)

पात्र खोल गेल्याने काठच्या विहिरींची पाणीपातळी खालावते. अवैध उत्खननाची भरपाई केवळ खनिजाच्या किमतीएवढी न ठेवता पर्यावरण पूर्ववत करण्याचा खर्चही तीत धरावा, असे सर्वोच्च न्यायालयाने 2021 मध्ये सांगितले आहे.

(आवाराचे फाटक.)

जातमुचलक्यावर सही झाली आहे. शिपाई साखळी काढतो, आणि रिकामा डंपर रस्त्याला लागतो.