शिवी स्पष्ट येते, चहा मागता येत नाही

श्रोतेहो, नमस्कार.

मी स्पीच थेरपिस्ट आहे. ठाण्यात नौपाडा, पाचपाखाडी, वर्तकनगर या भागांत लकवा झालेल्या माणसांकडे घरी जाऊन बोलण्याचा सराव करून घेते. व्यायाम किती वेळ, गोळी जेवणाआधी की नंतर, हे सगळं घरचे समोरच विचारतात. एक प्रश्न मात्र मी चपला घालताना, हळू आवाजात येतो : "मॅडम, हे असे नव्हते हो. आता नुसते अंगावर धावून येतात."

गेलेला हात दिसतो, लंगडणारा पाय दिसतो. कपाळामागचा मेंदू आपल्याला दिवसभर "थांब, आत्ता नको बोलूस" असं सांगत असतो. लकव्याच्या झटक्यात त्यालाही इजा झालेली असू शकते, पण ती कुणाला दिसत नाही. मग आमटीत मीठ कमी पडलं की वाटी भिरकावली जाते आणि थोड्या वेळाने तोच माणूस ओशाळून बसतो. संध्याकाळी थकवा वाढला की पारा आणखी लवकर चढतो.

सगळ्यांत जास्त गैरसमज होतो तो वाचा गेलेल्यांबाबत. बहुतेकांची भाषा मेंदूच्या डाव्या अर्ध्यात असते. तिथे झटका आला की उजवं अंग लुळं पडतं आणि शब्द सापडेनासे होतात. याला वाचाघात म्हणतात. अशा माणसाला काय हवं ते नेमकं कळत असतं, पण "चहा" हा शब्द काही केल्या तोंडात येत नाही. आणि शिवी? ती खणखणीत येते. गणपतीची आरती सुरात येते, एक ते वीस आकडे येतात. सूनबाई म्हणते, "आरती येते, शिव्या येतात, मग माझं नाव घ्यायला काय होतं? नाटक आहे सगळं."

नाटक नाही. पाठ झालेले आणि सवयीचे बोल मेंदूत वेगळ्या वाटेने येतात, त्यात उजव्या अर्ध्याचा बराच हात असतो. विचार करून जुळवायचं वाक्य डाव्या बाजूवर अवलंबून असतं, आणि तीच बाजू जखमी आहे. म्हणून ऐकू आलेली शिवी तुमच्यासाठी निवडलेली असेलच असं नाही. तिच्या जागी "पाणी दे" यायचं होतं, एवढंच कित्येकदा असतं.

अशा वेळी एका दमात "चहा की कॉफी, साखर घालू का, बिस्किट देऊ?" असं विचारू नका. टीव्ही बंद करा, कप समोर धरा, हो-नाहीत उत्तर देता येईल असा एकच प्रश्न विचारा आणि गप्प राहा. मुख्य म्हणजे त्यांचं वाक्य आपण पूर्ण करायची घाई करू नका. भेटायला येणाऱ्या मंडळींनाही सांगते, शहाळं आणा, पण सहा जण एकदम बोलू नका. "मला ओळखलंत का? सांगा बघू कोण?" ही परीक्षा तर कृपा करून घेऊ नका. तुमची पाठ वळल्यावर तिचा राग बायकोवर निघतो.

हात उगारला गेला तर वाद घालू नका, थोडा वेळ दुसऱ्या खोलीत जा. सहन करत बसायचं नाही. न्यूरॉलॉजिस्टला, म्हणजे मेंदूच्या डॉक्टरांना, स्पष्ट सांगायचं. यावर औषधोपचार असतात.

काहींना राग येत नाही, रडू कोसळतं. टीव्हीवर एखादं लग्न दिसलं तरी हुंदके सुरू, किंवा मयताची बातमी ऐकताना हसू. हे त्यांच्या मनातल्या भावनेशी जुळतंच असं नाही. "रडू नका, रडू नका" म्हणत भोवती जमलात तर ते लांबतं. विषय बदला, खिडकीशी न्या. डॉक्टरांच्या गोळ्यांनी हेही आटोक्यात येतं.

नैराश्य ही वेगळी गोष्ट. झटक्यानंतर साधारण तिघांपैकी एकाला ते गाठतं, आणि कधी कधी ते चिडचिडीच्या वेषात येतं. जेवण नको, झोप नाही, व्यायामाला उठायचं नाही, असं दोन आठवडे चाललं तर त्याला हट्ट समजू नका, डॉक्टरांना दाखवा.

मात्र बोलणं अचानक पुन्हा अडखळलं, तोंड वाकडं झालं, हात लुळा पडला, तर तो नवा झटका असू शकतो. लगेच 108 ला फोन करा. मेंदूत अडकलेली रक्ताची गुठळी विरघळवणारं इंजेक्शन झटका सुरू झाल्यापासून साधारण साडेचार तासांच्या आतच देता येतं.

आणि दारापाशी हळू आवाजात विचारणाऱ्या बायकांनो, मनाच्या त्रासावर फोनवर मदत करणाऱ्या सरकारच्या टेलिमानस सेवेचा नंबर लिहून घ्या : 14416. फोन फुकट आहे, दिवसरात्र लागतो, मराठीत बोलता येतं. आजारी माणसाबद्दलच विचारायला हवं असं नाही. तुमची स्वतःची झोप उडाली असेल, तरी करा.