पेठ नसलेला पोरगा

[दृश्य: शाहू स्टेडियम, सामन्याआधीची भरलेली गॅलरी. आवाज तसाच ठेवायचा.]

कोल्हापुरात पोराला संघ शोधावा लागत नाही. ज्या गल्लीत पाळणा हलला त्या गल्लीची तालीम त्याची, आणि तालमीचा संघही त्याचाच. पाटाकडील, दिलबहार, बालगोपाल, खंडोबा, शिवाजी तरुण मंडळ, प्रॅक्टिस क्लब, सगळीकडं हीच रीत. बूट फाटले तर कुणीतरी थोरला आपले देतो. सराव चुकवला तर संध्याकाळी घरी निरोप पोचतो. मैदान चालत जाण्याच्या अंतरावर, आणि बघायला अख्खी पेठ.

आता असं पोर डोळ्यांसमोर आणा, ज्याला पेठच नाही. गाव सुटलेलं, भाषा नवी, आईबाप कामावर. पायात खेळ आहे, पण तो बघायला ओळखीचं माणूस नाही. असं पोर व्यावसायिक फुटबॉलपर्यंत पोचतं ते कुठल्या कुठल्या दारांतून?

कॅनडाकडून आणि जर्मनीच्या बायर्न म्युनिक क्लबकडून खेळलेल्या अल्फोन्सो डेव्हिसच्या सुरुवातीच्या वर्षांत ही दारं एकामागून एक दिसतात.

[दृश्य: नकाशा. लायबेरिया, घाना, मग कॅनडा.]

लायबेरियात यादवी पेटली होती. डेव्हिसचे आईवडील मोनरोव्हिया सोडून घानात आले आणि अक्रा शहराच्या पश्चिमेला असलेल्या बुडुबुरमच्या निर्वासित छावणीत राहिले. २ नोव्हेंबर २००० रोजी अल्फोन्सोचा जन्म त्याच छावणीत झाला. आपल्या कोल्हापूरचा अनिकेत जाधव, २०१७ च्या सतरा वर्षांखालील विश्वचषकात भारताकडून खेळलेला, तोही २००० सालचाच. म्हणजे आपल्याच पोरांच्या बरोबरीचा हा पोरगा.

२००५ मध्ये पुनर्वसन योजनेतून कुटुंब कॅनडात गेलं. आधी विंडसर, मग वर्षभरात एडमंटन. तिथं हिवाळा सहा महिने आणि खेळ म्हटलं की आइस हॉकी. आईवडील पाळीत काम करायचे आणि धाकट्या भावंडांचं खाणंपिणं, झोपवणं अल्फोन्सोकडं असायचं.

पहिलं दार इथं उघडलं. दार कसलं, बस होती ती! एडमंटनमध्ये शाळा सुटल्यावर चालणारी 'फ्री फुटी' नावाची लीग होती, पैसे नसलेल्या घरांतल्या मुलांसाठी. या लीगनं तीनच गोष्टी सोडवल्या. नोंदणीची फी नाही, बूट आणि कपडे मिळणार, आणि मैदानावर ने-आण होणार. यातली तिसरी गोष्ट सगळ्यात महत्त्वाची, असं आमचं ठाम मत आहे. फी माफ करणारे पुष्कळ भेटतात, जुने बूटही मिळतात. पण आई दुसऱ्या पाळीला आणि मैदान सात किलोमीटरवर, तर ते पोर येतच नाही. शिरोली किंवा गोकुळ शिरगावच्या एमआयडीसीत परराज्यातून आलेल्या कामगारांची मुलं आहेत. शहरातल्या सरावाला ती दिसत नाहीत, आणि खेळ येत नाही हे काही त्याचं कारण नव्हे. सरावाला पोचायचं आणि अंधारात परतायचं, याची सोय कुणाकडंच नसते.

फ्री फुटीतून शाळेच्या फुटबॉल अकादमीत, आणि एडमंटन स्ट्रायकर्स या क्लबमध्ये. २०१५ मध्ये, चौदाव्या वर्षी, व्हँकुव्हर व्हाइटकॅप्सच्या निवासी अकादमीत. घर सोडायचं म्हटल्यावर आई लगेच तयार झाली नव्हती. पोर क्रीडा प्रबोधिनीत, बालेवाडीला पाठवताना कोल्हापुरातल्या आयांचं काय होतं, हे इथं वेगळं सांगायला नको.

[दृश्य: व्हँकुव्हरचं मैदान. पडद्यावर आकडे: सामने ३४, गोल ०.]

या आकड्यांपाशी जरा थांबू.

फेब्रुवारी २०१६ मध्ये पंधरा वर्षं तीन महिन्यांचा असताना त्यानं क्लबच्या दुसऱ्या संघाशी करार केला. जुलैमध्ये पहिल्या संघाशी करार झाला आणि १६ जुलैला ऑर्लँडो सिटीविरुद्ध अमेरिकेच्या मेजर लीग सॉकरमध्ये तो मैदानात उतरला. वय १५. मग लीगमधल्या पहिल्या मोसमात ८ सामने, दुसऱ्यात २६. गोल एकही नाही. लीगमधला पहिला गोल आला मार्च २०१८ मध्ये, पदार्पणानंतर वीस महिन्यांनी. आणि त्या तिसऱ्या मोसमात ३१ सामन्यांत ८ गोल, शिवाय ११ गोलांसाठी पास.

आपल्याकडं आघाडीच्या पोराला गोलाविना किती सामने मिळतात? तीन? फार तर चार. पाचव्याला गॅलरीतूनच दुसऱ्याचं नाव पुकारलं जातं. सतरा वर्षांच्या विंगरला, म्हणजे कडेनं हल्ला करणाऱ्या पोराला, मोठ्यांच्या सामन्यात गोल न मिळण्याची कारणं साधी असतात. शाळेच्या सामन्यात वेगानं माणूस मागं पडतो. इथला बॅक, म्हणजे बचावपटू, वेगाशी शर्यतच लावत नाही, तो दोन पावलं आधी मागं सरकतो आणि अंग लावतो. मग पोरगा रेषेपर्यंत पोचतो खरा, पण शेवटचा स्पर्श थकलेल्या पायानं, मान खाली घालून होतो. हे सुधारायला सामने लागतात, आणि बहुतेक वेळा ते शेवटच्या वीस-तीस मिनिटांचे असलेले बरे. व्हाइटकॅप्सनी त्याला पहिल्या वर्षी थोडाच वेळ दिला, मग वाढवत नेला.

उलटं उदाहरणही त्याच लीगमधलं आहे. फ्रेडी अडू, जन्म घानाच्या तेमा गावचा, आईला ग्रीन कार्डची सोडत लागली म्हणून अमेरिकेत आलेला. २००४ मध्ये चौदाव्या वर्षी तो त्याच लीगमध्ये खेळला. पण आल्या दिवसापासून जाहिराती, कॅमेरे आणि 'पुढचा पेले' हे ओझं. पुढं तो पोर्तुगालच्या बेनफिका क्लबात गेला आणि तिथून उसन्या करारांवर क्लबमागून क्लब फिरत राहिला. पायात त्याच्याही खेळ होता.

[दृश्य: टेबलावर कागद. पासपोर्ट, जन्मदाखला, नोंदणी अर्ज.]

आता कागद. हा भाग कंटाळवाणा वाटेल, पण पोरांची वर्षं वाया जातात ती इथंच.

६ जून २०१७ रोजी डेव्हिस कॅनडाचा नागरिक झाला. आठवड्याच्या आत, १३ जूनला, कुरासाओविरुद्ध तो कॅनडाच्या पुरुष संघाकडून खेळला. जुलैच्या गोल्ड कपमध्ये, म्हणजे त्या खंडातल्या देशांच्या स्पर्धेत, त्यानं तीन गोल केले. त्याआधी जवळजवळ वर्षभर तो व्यावसायिक लीगमध्ये खेळत होता, पण देशाच्या संघाचं दार नागरिकत्वाच्या शपथेशिवाय उघडणारं नव्हतं. भारतातही तसंच. पुणे एफसीकडून खेळलेले अराता इझुमी यांनी जपानचं नागरिकत्व सोडून भारताचं घेतलं, तेव्हा कुठं २०१३ मध्ये ते भारताकडून खेळले.

दुसरा कागद फिफाचा. खेळाडूंच्या बदल्यांच्या नियमांत कलम १९ आहे. अठरा वर्षांखालच्या खेळाडूची दुसऱ्या देशात नोंदणी करता येत नाही. अपवाद मोजके. आईवडील फुटबॉलशी संबंध नसलेल्या कारणानं त्या देशात राहायला गेले असतील, तर चालतं. घर आणि क्लब दोन्ही सरहद्दीपासून ५० किलोमीटरच्या आत असतील, तर चालतं. युरोपीय संघाच्या आतल्या आत सोळा ते अठरा वयाला सवलत आहे. जीव वाचवण्यासाठी देश सोडलेल्या मुलांसाठी वेगळी तरतूद आहे. असेच मोजके अपवाद, एरवी नाही.

म्हणून बायर्न म्युनिकशी करार जुलै २०१८ मध्ये जाहीर झाला, तरी डेव्हिस लगेच गेला नाही. २ नोव्हेंबरला अठरा पूर्ण, मग जर्मनीतला हिवाळी बदलीचा काळ उघडल्यावर जानेवारी २०१९ मध्ये तो क्लबात दाखल. मधले महिने तो व्हँकुव्हरकडूनच खेळला. हमीची रक्कम सुमारे १ कोटी ३५ लाख डॉलर, आणि अटी पूर्ण झाल्या तर २ कोटी २० लाखांपर्यंत. इतकी रक्कम मोजायला तयार असलेल्या क्लबलाही वाढदिवसाची वाट बघावी लागली.

हे कोल्हापुरातल्या पालकांनी नीट ऐकावं. पंधरा वर्षांच्या मुलाला युरोपातल्या क्लबमध्ये 'बसवून देतो' म्हणून कुणी लाखांत पैसे मागत असेल, तर अपवादात बसत नसेल तिथं तो नियमानं होऊच न शकणारी गोष्ट विकतोय. चार आठवड्यांचं सशुल्क शिबिर वेगळं आणि क्लबची नोंदणी वेगळी. पैसे देण्याआधी एकच प्रश्न विचारा: कुठल्या महासंघाकडं, कुठल्या अपवादाखाली नोंदणी होणार, ते लिहून द्याल का?

उलट दिशेनंही हाच रस्ता. आपल्या तालमींकडून नायजेरियासारख्या देशांतले खेळाडू खेळून गेलेत, आपल्या गॅलरीनं त्यांना डोक्यावर घेतलंय. अशा खेळाडूच्या मागं आधीच्या देशाच्या महासंघाचं आंतरराष्ट्रीय बदली प्रमाणपत्र लागतं, त्याला सगळे आयटीसी म्हणतात. हंगाम तोंडावर आल्यावर धावपळ केली की ते अडकतं. पासपोर्टवरचं नाव आणि जुन्या नोंदणीतलं नाव यांत एका अक्षराचा फरक असतो, किंवा जुन्या क्लबचा करार अजून संपलेला नसतो. खेळाडू विमानात बसण्याआधी या दोन गोष्टी तपासल्या, तर तो गॅलरीत बसून सामना बघत नाही.

[दृश्य: म्युनिक, बर्फ. मग सरावाचं मैदान.]

म्युनिकमध्ये पहिल्या अर्ध्या मोसमात त्याला बुंडेसलिगाचे, म्हणजे जर्मनीच्या अव्वल लीगचे, सहा सामने मिळाले. मार्चमध्ये माइन्झविरुद्ध एक गोल. अधूनमधून दुसऱ्या संघाकडूनही उतरवलं. त्याच्या जागेवर आधीच मोठी माणसं होती.

ऑक्टोबर २०१९ मध्ये निक्लास झ्यूले आणि लुकास एर्नांदेस हे दोन बचावपटू काही दिवसांच्या अंतरानं जायबंदी झाले. डेव्हिड अलाबा डावीकडून मधे सरकला आणि डावी बॅकची जागा रिकामी झाली. तिथं विंगर असलेल्या डेव्हिसला उभं केलं.

कोल्हापुरात फॉरवर्डला बॅकला खेळवलं की तो रुसतो. पण जागा बदलल्यानं काय बदललं ते बघा. विंगरला चेंडू मिळतो तेव्हा समोर बॅक उभा असतो, पाठ रेषेला टेकलेली. बॅक म्हणून तोच खेळाडू तीस मीटर मागून, पळत येत चेंडू घेतो, समोर मोकळी जमीन. वेगवान खेळाडूला तीच हवी असते. शिवाय प्रशिक्षक हान्सी फ्लिक यांचा संघ बचावाची रांग फार वर ठेवायचा. मागं उरलेल्या जागेत प्रतिस्पर्धी धावला, तर त्याला गाठणारा कुणी हवा. जून २०२० मध्ये ब्रेमेनविरुद्ध डेव्हिसचा वेग ताशी ३६.५१ किलोमीटर मोजला गेला.

मात्र वेगवान पोराला बॅकला उभं केलं की ठरावीक चुका होतात. तो चेंडू बघत राहतो आणि पाठीमागून आत शिरणारा माणूस हरवतो, म्हणून दर दोन-तीन सेकंदांनी खांद्यावरून मागं बघायची सवय लावावी लागते. तो समोर चौकोनी उभा राहतो आणि पायांमधून चेंडू जातो. अंग तिरकं हवं, अंतर हातभर, आणि समोरच्याला रेषेकडं ढकलायचं. आणि मागं धावताना तो चेंडूच्या मागं धावतो. धावायचं ते जवळच्या गोलखांबाच्या दिशेनं, म्हणजे आतली वाट आधी बंद होते. सरावात वीस-वीस मिनिटं रोज, तीन महिने, इतकी ही गोष्ट आहे.

[दृश्य: लिस्बन, रिकामं स्टेडियम.]

१४ ऑगस्ट २०२०. युरोपातल्या क्लबांच्या चॅम्पियन्स लीगची उपांत्यपूर्व फेरी, बार्सिलोनासमोर. डावीकडून डेव्हिस नेल्सन सेमेदोला चकवून गोलरेषेपर्यंत गेला आणि मान वर करून चेंडू मागं दिला. योशुआ किमिशनं तो जाळ्यात ढकलला. सामना ८-२. अंतिम सामना बायर्ननं २३ तारखेला पॅरिसविरुद्ध १-० असा जिंकला. वय १९. ही स्पर्धा जिंकणारा कॅनडाच्या पुरुष संघाचा तो पहिला खेळाडू.

[दृश्य: कोल्हापूर जिल्ह्यातला साखर कारखाना, आवाराबाहेर ऊसतोड कामगारांच्या कोप्या.]

तालमींसाठी एक हिशेब. व्यावसायिक खेळाडूला दुसऱ्या देशातल्या क्लबनं पैसे मोजून घेतलं, तर बदलीच्या रकमेतले ५ टक्के त्याला घडवणाऱ्या क्लबांत वाटले जातात. बारा ते पंधरा वयातल्या प्रत्येक मोसमाला पाव टक्का, सोळा ते तेवीस वयातल्या प्रत्येक मोसमाला अर्धा टक्का. बदली एक कोटी रुपयांची असेल, तर बारा ते पंधरा अशी चार वर्षं पोर सांभाळलेल्या क्लबला एक लाख. पण मोसम मोजला जातो तो नोंदणीचा. पोर मैदानावर चार वर्षं आलं आणि अखिल भारतीय फुटबॉल महासंघाच्या ऑनलाइन प्रणालीत नोंदलंच नाही, तर हातात शून्य.

नोंदणीला जन्मदाखला लागतो. गळीत हंगाम आणि आपला फुटबॉलचा हंगाम साधारण बरोबरच सुरू होतात. बीडहून, मराठवाड्यातून ऊसतोडीची कुटुंबं येतात, त्यांची पोरं या कोप्यांसमोर खेळतात. यांतली काही इथंच, हंगामात जन्मलेली. जन्माची नोंद जिथं जन्म झाला तिथल्याच कार्यालयात होते, मूळ गावात नाही, आणि मुदत २१ दिवसांची असते. वर्ष उलटलं तर दंडाधिकाऱ्यांचा आदेश लागतो, आणि दाखला फार उशिराचा असला की पुढं वयोगटाच्या स्पर्धेत शंका काढली जाते. तालमीतल्या एखाद्या कार्यकर्त्यानं दवाखान्याचा कागद आणि आईवडिलांची ओळखपत्रं घेऊन त्यांच्याबरोबर ग्रामपंचायतीत जायचं. मार्चअखेर पट्टा पडायच्या, म्हणजे गळीत हंगाम संपायच्या आत. त्यानंतर कोप्या उठतात आणि पोर पुन्हा गाडीत बसतं.