एक बटण उजवीकडे

श्रोतेहो, नमस्कार. हाताशी कागद-पेन्सिल असेल तर घ्या आणि ही इंग्रजी अक्षरं उतरवा. व्ही, पी, स्वल्पविराम, आर. थोडी जागा सोडा. आता जे, पी, स्वल्पविराम, आर.

एका मित्राकडून हा निरोप आला, तेव्हा मी मोठ्या ऐटीत सीझरच्या मागे लागलो. रोमचा ज्युलियस सीझर गुप्त पत्रांत प्रत्येक अक्षर वर्णमालेत तीन घरं सरकवून लिहायचा. इंग्रजीत असं सरकवायचे प्रकार 25. सगळे करून पाहिले, हाती भोपळा. खरं तर तो स्वल्पविराम पहिल्यापासून खुणावत होता. शब्दाच्या पोटात त्याचं काय काम? वर्णमालेत तो नाहीच. तो असतो कीबोर्डवर, एमच्या उजव्या शेजारी.

मग कीबोर्ड पुढे ओढला आणि प्रत्येक बटणाचा डावा शेजारी वाचत गेलो. व्हीच्या डावीकडे सी. पीच्या डावीकडे ओ. स्वल्पविरामाच्या एम, आरच्या ई. कम! दुसऱ्या शब्दात जेच्या जागी एच, पुढचे तिघे तेच. होम. 'कम होम.' गुपित वगैरे काही नव्हतंच. गड्यानं अंधारात टाइप केलं होतं आणि दोन्ही हात एक घर उजवीकडे बसले होते. बोटांना जागा कळावी म्हणून एफ आणि जे या बटणांवर बारीक उंचवटा असतो, पण घाईत तो कोण चाचपतो?

एकटा उजवा हात घसरला असता, तर गंमत वेगळी झाली असती. सी आणि ई डाव्या हाताची, ती जागेवर राहिली असती; मधली दोनच बिघडली असती. सी, पी, स्वल्पविराम, ई. असा अर्धामुर्धा मजकूर मला पुरत्या बिघडलेल्यापेक्षा जास्त छळतो, कारण एकच नियम सगळ्या अक्षरांना लावून चालत नाही. आधी कुठलं अक्षर कुठल्या हाताचं, हे ठरवावं लागतं.

हात डावीकडे सरकले, तर एच्या जागी कॅप्स लॉक दाबलं जातं. अक्षर उमटत नाही ते नाहीच, वर पुढची अक्षरं मोठ्या लिपीत. तिथे अंदाजानंच भर घालायची. शब्दांत आकडे घुसलेले दिसले, तर हात वरच्या ओळीवर गेले असं धरून चला.

आणि मराठी टाइप करताना भाषा बदलायचं विसरलात, तर? बोटं बरोबर, पडद्यावर मात्र इंग्रजी कचरा. इन्स्क्रिप्ट कीबोर्डवर, म्हणजे भारतीय लिप्यांसाठी ठरवलेल्या बटणांच्या मांडणीत, केच्या बटणाला क, ईला काना, डीला पाय मोडायची खूण. एवढ्यावर हे सोडवून बघा, मी रजा घेतो: व्ही, सी, एम, डी, के, ई, जे.