पाचगणीचा फ्रेडी

(पसरणी घाट, पहाटेचं धुकं)
वाई मागे पडली की पसरणीचा घाट सुरू होतो. खाली दिसतंय ते धोम धरणाचं पाणी. तेव्हा हे धरण झालेलं नव्हतं, घाट मात्र होता. 1955 च्या सुमारास आठ वर्षांचा एक पारशी मुलगा या घाटाने वर आला. आफ्रिकेजवळच्या झांझिबार बेटावरून मुंबईपर्यंत बोटीने, तिथून पाचगणी. वडील तिकडे हायकोर्टात कॅशियर. मुलाचं नाव फारुख बुलसारा. क्वीन या ब्रिटिश रॉक बँडचा गायक फ्रेडी मर्क्युरी, तो हाच.

(शाळेचा रस्ता, सिल्व्हर ओकची झाडं)
सेंट पीटर्सच्या बोर्डिंगमध्ये फारुखचा फ्रेडी झाला. मर्क्युरी हे आडनाव त्याने पुढे लंडनमध्ये लावलं. फ्रेडी हे नाव मात्र पाचगणीतल्या पोरांनी दिलेलं. ते आपल्या साताऱ्याचं आहे.

(पियानोच्या पट्ट्या, अगदी जवळून)
हा पियानो त्याचा नव्हे, इथल्याच एका जुन्या बंगल्यातला. ही पट्टी बघा, दाबली की वर यायला वेळ लावते. पाचगणीचा पावसाळा लाकडात मुरतो, लाकूड फुगतं, पट्टी अडते. अशा हवेत तो पियानो शिकला, चौथ्या ग्रेडपर्यंत. रेडिओवर ऐकलेलं गाणं तो लगेच येऊन वाजवायचा, असं त्याचे शाळासोबती सांगत आलेत.

(खोकं, काठी, दोरी)
बाराव्या वर्षी पाच पोरांचा बँड जमला, द हेक्टिक्स. बास, म्हणजे खालच्या सुरांचं तंतुवाद्य, विकत कुठून आणणार? चहाचं लाकडी खोकं पालथं घातलं, वर भोक पाडलं, त्यातून दोरी ओवली, दोरीचं दुसरं टोक काठीला बांधलं. काठी मागे ओढा, दोरी ताणते, स्वर चढतो. सोडा, उतरतो. गायला पुढे दुसराच मुलगा असे. फ्रेडी पियानोवर.

(टेबललँड, घोडे, वारा)
पाचगणीत टेबललँडची पाटी आहे, पारसी पॉइंटची आहे, स्ट्रॉबेरीच्या तर पावलोपावली. त्यांच्या शेजारी फ्रेडीच्या नावाची पाटी हवी, घाट चढून येणाऱ्या प्रत्येकाला दिसेल अशी.

(घाट उतरणारी एसटी)
1963 मध्ये त्याने पाचगणी सोडली. 1964 ची झांझिबारची क्रांती, त्यामुळे कुटुंबासह इंग्लंड, आर्ट कॉलेज, 1970 ला क्वीन. 24 नोव्हेंबर 1991 ला, एड्स झाल्याचं जाहीर केल्याच्या दुसऱ्याच दिवशी, तो गेला. वय 45.

(पुन्हा पियानो, दोन हात)
13 जुलै 1985. लंडनचं वेम्बली स्टेडियम, लाइव्ह एड ही मदतनिधीची मैफल, समोर सत्तर हजारांवर माणसं. फ्रेडी धावत मंचावर आला आणि आधी पियानोवर बसला. क्वीनचं गाणं, बोहेमियन ऱ्हॅप्सडी. या गाण्यात डावा हात उजव्यावरून पलीकडे जातो, वरच्या दोन पट्ट्यांवर टेकतो आणि परत येतो. असा.